छोट्या गाडीचं इंजिन ऑइल : कोणतं आणि किती?



घर्षण शिकवताना आपण नेहमी तीच दोन-तीन उदाहरणं देतो. ओल्या फरशीवर पाय घसरतो. सायकलच्या चेनला तेल घातलं की ती हलकी फिरते. कॅरम बोर्डवर पावडर टाकली की सोंगटी लांब जाते. उदाहरणं चांगलीच आहेत. पण आमच्या तुळिंजमध्ये वर्गातल्या बऱ्याच मुलांच्या घरी, नाहीतर शेजारी, एखादी छोटी गाडी असते. कुणाच्या बाबांची टुरिस्ट टॅक्सी, कुणाच्या काकांची हप्त्यावर घेतलेली सेकंडहँड ऑल्टो किंवा वॅगनआर. शिवाय काही मुलं रोज शाळेच्या व्हॅनमधूनच येतात. घर्षणाचा धडा या गाड्यांच्या बॉनेटखाली रोज चालू असतो.

आणि तो धडा महाग पडू शकतो. चुकीचं ऑइल घातलं, कमी घातलं किंवा पाहिजे त्यापेक्षा जास्त घातलं, तर त्याच दिवशी काही होत नाही. काही महिन्यांनी आवाज येतो, धूर येतो आणि मग गॅरेजवाला सांगतो, "इंजिन उघडावं लागेल." ज्या घराची चूल त्या गाडीवर पेटते तिथे गाडी पंधरा दिवस उभी राहणं म्हणजे पंधरा दिवस कमाई बंद, आणि वर दुरुस्तीचा खर्च वेगळा. म्हणून हा पाठ मुलांइतकाच आपल्यासाठीही आहे.

सगळ्यात आधी मुख्य मुद्दा सांगून टाकतो. तुमच्या गाडीला कोणतं ऑइल लागतं आणि किती लागतं, या दोन्ही प्रश्नांची उत्तरं गाडीसोबत मिळालेल्या माहितीपुस्तिकेत छापलेली असतात. जाहिरात, दुकानदाराचा सल्ला, शेजाऱ्याचा अनुभव हे सगळं त्यानंतर. पण पुस्तिकेतली ती ओळ वाचता यायला हवी. तीच वाचायला आज शिकू.

१. वंगण म्हणजे काय?

'वंगण' हा आपला जुना शब्द. बैलगाडीच्या चाकाला आणि आसाला वंगण घालायचं, नाहीतर चाक कुरकुरतं आणि आस झिजतो, हे गावाकडच्या मुलाला कुणी शिकवावं लागत नसे. वंगण म्हणून एरंडेल तेलही पूर्वी भरपूर वापरात होतं. कॅस्ट्रॉल हे नाव आपण पाट्यांवर रोज वाचतो ना, तेही एरंडेलाच्या इंग्रजी नावावरूनच, म्हणजे 'कॅस्टर ऑइल'वरून आलेलं आहे.

गाडीच्या इंजिनात तेच तत्त्व आहे, फक्त वेग भयंकर वाढलेला आहे. इंजिन मिनिटाला ३,००० फेरे घेत असेल तर सेकंदाला ५० फेरे झाले. म्हणजे पिस्टन एका सेकंदात ५० वेळा वर आणि ५० वेळा खाली जातो. धातूवर धातू असा थेट घासला गेला तर इंजिन काही मिनिटांतच जाम होईल. तसं होत नाही, कारण दोन भागांच्या मध्ये ऑइलचा पातळ पदर असतो. आपल्या केसापेक्षाही कितीतरी पातळ! तो पदर टिकला तर इंजिन टिकलं.

ऑइलची कामं मुलांना अशी सांगता येतील :

- घर्षण कमी करणं.
- जिथे रेडिएटरचं पाणी पोचत नाही तिथली उष्णता वाहून नेणं.
- काजळी आणि धातूचे बारीक कण धरून फिल्टरपर्यंत पोचवणं.
- पिस्टन आणि सिलिंडर यांच्यामधली फट बंद ठेवणं.
- आतल्या भागांना गंजू न देणं.

यावरून एक गैरसमज दूर होतो. "ऑइल काळं झालं, म्हणजे खराब झालं" असं सर्रास म्हटलं जातं. काजळी धरून ठेवणं हे ऑइलचं कामच आहे, त्यामुळे ते काळं पडणारच. उलट सीएनजीवर चालणाऱ्या गाडीत काजळी कमी होते, म्हणून तिथलं ऑइल बरेच दिवस स्वच्छ दिसतं. स्वच्छ दिसलं तरी आतली रसायनं संपत आलेली असू शकतात. तेव्हा रंग बघून निर्णय घेऊ नका. किलोमीटर आणि तारीख बघा.

२. डब्यावरचे आकडे कसे वाचायचे?

ऑइलच्या डब्यावर ५डब्ल्यू-३०, ०डब्ल्यू-२०, २०डब्ल्यू-५० असं काहीतरी इंग्रजीत छापलेलं असतं. त्याआधी 'एसएई' ही अक्षरं असतात. ही वाहन अभियंत्यांची अमेरिकेतली संस्था, १९०५ मध्ये स्थापन झालेली. ऑइलच्या दाटपणाचं पहिलं वर्गीकरण तिने १९११ मध्ये केलं. तिची ही पद्धत आज जगभर चालते.

या दाटपणाला शास्त्रात 'श्यानता' म्हणतात. पाण्याची श्यानता कमी, काकवीची जास्त. आणि तापमान वाढलं की श्यानता कमी होते. थंड काकवी बाटलीतून उतरता उतरत नाही, गरम केली की धार लागते. ऑइलचंही अगदी तसंच.

आता त्या दोन आकड्यांचा अर्थ बघू.

पहिला आकडा आणि 'डब्ल्यू' : डब्ल्यू म्हणजे 'विंटर', हिवाळा. गार इंजिन सुरू होताना ऑइल किती सहज वाहतं ते हा आकडा सांगतो. आकडा जितका लहान, तितकं थंडीतही ते वाहतं राहतं. ५डब्ल्यू ऑइलची चाचणी उणे ३० अंश सेल्सिअसला आणि पंपातून ते वाहतं का हे उणे ३५ अंशांना तपासतात. २०डब्ल्यूसाठी हेच आकडे उणे १५ आणि उणे २० आहेत.

दुसरा आकडा : इंजिन पूर्ण तापल्यावर ऑइल किती दाट राहतं ते हा सांगतो. हे १०० अंश सेल्सिअसला मोजतात. मोजण्याचं एकक सेंटीस्टोक. २० या श्रेणीसाठी ६.९ ते ९.३, ३० साठी ९.३ ते १२.५ आणि ४० साठी १२.५ ते १६.३ सेंटीस्टोक अशा मर्यादा ठरलेल्या आहेत.

इथे वर्गात एखादा हुशार मुलगा नक्की विचारतो, "सर, तुळिंजमध्ये कुठे उणे तापमान असतं? मग तो पहिला आकडा आपल्या काय कामाचा?" प्रश्न बरोबर आहे. वसई-विरारमध्ये बर्फ पडत नाही. पण इंजिनाच्या दृष्टीने आपली सकाळही 'थंड'च असते. १०० अंशांना ज्या ५डब्ल्यू-३० ऑइलची श्यानता साधारण १० सेंटीस्टोक असते, तीच ४० अंशांना ६० च्या आसपास जाते. २०डब्ल्यू-५० ऑइल असेल तर ४० अंशांना ती १५० च्याही वर असते. आणि आपल्याकडे सकाळी इंजिन ४० अंशांवर नसतं, २५-३० वर असतं, म्हणजे ऑइल त्याहून दाट. गाडी रात्रभर उभी राहिली की बरंचसं ऑइल खाली चेंबरमध्ये उतरलेलं असतं. चावी फिरवल्यावर ते वरपर्यंत पोचायला जेवढा वेळ लागतो, तेवढ्या वेळात झीज होते. दाट ऑइल पोचायला जास्त वेळ घेतं. म्हणून पहिला आकडा आपल्यालाही लागू आहे.

३. "जाड ऑइल टाका, इंजिन टिकेल" हा सल्ला आला कुठून?

हा सल्ला अजूनही ऐकू येतो. देणारा माणूस फसवत असतो असं नाही. त्याच्यामागे इतिहास आहे.

मुंबईच्या रस्त्यावर कैक वर्षं प्रीमिअर पद्मिनीचं राज्य होतं. आपल्या कुर्ल्याच्या कारखान्यातच ती बनायची. काळी-पिवळी टॅक्सी म्हणून ती ऑक्टोबर २०२३ च्या अखेरीपर्यंत टिकली. जुन्या पिढीतले कितीतरी मिस्त्री पद्मिनी आणि अँबॅसॅडरच्या इंजिनांवर हात बसवून शिकले. त्या इंजिनांत भागांमधल्या फटी मोठ्या असत, २०डब्ल्यू-४० सारखं जाड ऑइल तिथे सर्रास चालायचं आणि शोभायचंही. मग १४ डिसेंबर १९८३ रोजी मारुती ८०० आली. तिचं ७९६ सीसीचं छोटं इंजिन वेगळ्या घडणीचं होतं. तिथपासून आजपर्यंत छोट्या गाड्यांची इंजिनं आणखी बारकाईने बनत गेली. फटी बारीक झाल्या, ऑइलच्या वाटा अरुंद झाल्या. कितीतरी इंजिनांत झडपा उघडण्याची वेळ बदलणारी यंत्रणासुद्धा ऑइलच्या दाबावरच चालते.

अशा इंजिनाला जाड ऑइल घातलं तर काय होतं? सकाळी ते उशिरा पोचतं. अरुंद वाटांतून कष्टाने जातं. पंपाला जास्त जोर लावावा लागतो, म्हणून मायलेज कमी होतं. अलीकडच्या बऱ्याच छोट्या पेट्रोल गाड्यांच्या पुस्तिकेत ०डब्ल्यू-२०, काहींत तर ०डब्ल्यू-१६ इतकं पातळ ऑइल सांगितलेलं असतं. ते पाण्यासारखं वाटतं म्हणून घाबरू नका. इंजिन त्याच ऑइलसाठी आखलेलं आहे.

उलटंही तितकंच खरं आहे. ज्या गाडीच्या पुस्तिकेत १०डब्ल्यू-४० लिहिलंय, तिला "नवीन आहे, महाग आहे" म्हणून ०डब्ल्यू-१६ घालू नये. तिथे पदर पुरेसा जाड राहणार नाही.

मग लाखभर किलोमीटर झालेल्या, ऑइल खाणाऱ्या जुन्या गाडीचं काय? बऱ्याच पुस्तिकांत एकाच इंजिनासाठी दोन-तीन श्रेणी दिलेल्या असतात, बाहेरच्या तापमानानुसार. त्या यादीतली थोडी दाट श्रेणी निवडायला हरकत नाही. यादीच्या बाहेर मात्र जाऊ नका. आणि ऑइल का कमी होतंय, गळतंय की जळतंय, ते आधी शोधा.

४. दुसरी खूण : एपीआय

दाटपणा जुळला म्हणजे काम संपलं असं नाही. दोन ऑइलं सारखीच दाट असून दर्जाने वेगळी असू शकतात. त्यासाठी डब्याच्या मागे 'एपीआय' लिहिलेलं असतं. ही अमेरिकन पेट्रोलियम इन्स्टिट्यूट. पुढे दोन अक्षरं येतात.

पहिलं अक्षर 'एस' असेल तर ते पेट्रोल इंजिनासाठी, सीएनजी बसवलेली पेट्रोल गाडीही त्यातच आली. 'सी' असेल तर डिझेल इंजिनासाठी. दुसरं अक्षर वर्णमालेत जितकं पुढे, तितका दर्जा नवा. एसएल २००१ मधला, एसएम २००४ मधला, एसएन २०१० मधला, एसपी २०२० मधला. पेट्रोलच्या बाबतीत नियम सोपा आहे : पुस्तिकेत एसएन सांगितलं असेल तर एसपी चालतं, पण एसपी सांगितलं असेल तिथे एसएन घालू नये.

डिझेलवाल्यांनी जास्त सांभाळायला हवं. १ एप्रिल २०२० पासून बीएस-६ नियम लागू झाले. त्यानंतरच्या डिझेल गाड्यांत धुरातली काजळी अडवणारा फिल्टर असतो. त्याला कमी राख सोडणारं खास ऑइल लागतं. साधं डिझेल ऑइल घातलं तर हा महागडा फिल्टर हळूहळू तुंबतो. पुस्तिकेत जी खूण छापलेली असेल तीच डब्यावर शोधा.

घरात मोटरसायकल असेल तर आणखी एक गोष्ट. मोटरसायकलचं ऑइल कारला आणि कारचं मोटरसायकलला घालायचं नाही. बहुतेक मोटरसायकलींचा क्लच त्याच ऑइलमध्ये बुडालेला असतो, कारच्या ऑइलने तो घसरू लागतो. "अर्धा लिटर उरलंय, बाइकमध्ये ओतून टाकू" ही काटकसर नुकसानीची आहे.

मिनरल, सेमी-सिंथेटिक आणि सिंथेटिक हा तिसरा शब्दसमूह. हे मूळ तेल कसं बनवलं त्यावरून ठरतं. मिनरल म्हणजे कच्च्या तेलापासून शुद्ध केलेलं. आपल्या मुंबईच्या माहूलमध्ये हिंदुस्थान पेट्रोलियमच्या रिफायनरीत असं मूळ तेल तयार होतं. सिंथेटिकमध्ये रेणूंची रचना रासायनिक प्रक्रियेने जास्त एकसारखी केलेली असते, म्हणून उष्णतेत ते जास्त टिकतं. ०डब्ल्यू-२० सारख्या पातळ श्रेणी सिंथेटिक मूळ तेलाशिवाय जमत नाहीत. पण जुन्या गाडीच्या पुस्तिकेत मिनरल चालतं असं असेल, तर वेळेवर बदललेलं मिनरल हे वर्षानुवर्षं न बदललेल्या सिंथेटिकपेक्षा नक्कीच बरं.

५. किती घालायचं?

इथेच जास्त गोंधळ होतो. छोट्या गाड्यांना साधारण अडीच ते चार लिटर ऑइल लागतं. नेमका आकडा मॉडेलप्रमाणे, इंजिनाप्रमाणे बदलतो. एकाच नावाच्या गाडीच्या जुन्या आणि नव्या इंजिनालाही वेगवेगळं लागू शकतं. पुस्तिकेत बऱ्याचदा दोन आकडे असतात : फिल्टर बदलला तर इतकं, नाही बदलला तर इतकं. (फिल्टर दर वेळी बदलावा. नव्या ऑइलला जुन्या फिल्टरमधला गाळ कशाला?)

गोंधळ डब्यामुळे होतो. बाजारात डबे ३, ३.५, ४ लिटरचे मिळतात. समजा पुस्तिकेत फिल्टरसह २.८ लिटर लिहिलंय आणि डबा ३.५ लिटरचा आणलाय. घाईतला माणूस डबा उपडा करून मोकळा होतो. पैसे दिलेत, मग सगळं आत गेलं पाहिजे, असं गिऱ्हाइकालाही वाटतं. मुलांना गणित घालू या :

जास्तीचं ऑइल = ३.५ − २.८ = ०.७ लिटर
शेकडा प्रमाण = ०.७ ÷ २.८ × १०० = २५ टक्के

आमटीत मीठ पंचवीस टक्के जास्त पडलं तर कळतं. इंजिनात कळत नाही, पण परिणाम होतो. चेंबरमधलं ऑइल वर चढतं आणि गरागरा फिरणारा क्रँकशाफ्ट ते घुसळू लागतो. ताक घुसळल्यासारखा फेस होतो. फेसात हवा असते, आणि हवा वंगणाचं काम करत नाही. शिवाय दाब वाढून सील गळू लागतात, काही ऑइल जळायला जातं, निळसर धूर येतो आणि धूर साफ करणारा कॅटॅलिटिक कन्व्हर्टर खराब होतो.

कमी असेल तर काय? वळणावर किंवा चढावर पंपाच्या तोंडाशी ऑइल राहत नाही, पंप हवा ओढतो. तेवढ्यात पदर तुटतो.

इथे डॅशबोर्डवरच्या लाल दिव्याबद्दल एक गोष्ट सगळ्यांनी लक्षात ठेवायला हवी. किटलीसारखं चित्र असलेला हा दिवा बहुतेक छोट्या गाड्यांत ऑइलचा दाब गेल्यावर लागतो. ऑइल कमी व्हायला लागलं की लगेच तो सांगत नाही. म्हणजे दिवा लागला तेव्हा उशीर झालेला असतो. "थोडं पुढे पंप आहे, तिथपर्यंत जाऊ" असं करायचं नाही. गाडी बाजूला घ्यायची आणि इंजिन लगेच बंद करायचं.

६. डिपस्टिक वाचणं

दिव्याच्या भरवशावर राहायचं नसेल तर महिन्यातून एकदा डिपस्टिक बघायची. गॅरेजमध्ये तिला गेज किंवा नुसतं डिप म्हणतात. पाच मिनिटांचं काम आहे, मोठ्या माणसाबरोबर दहावीतली मुलगीही करू शकते.

- गाडी सपाट जागेवर उभी करा. सोसायटीच्या उतारावर नको, तिथे आकडा खोटा येतो.
- गरम इंजिन बंद करून पाचेक मिनिटं थांबा, म्हणजे वरचं ऑइल खाली उतरतं. किती थांबायचं ते पुस्तिकेत असतं.
- डिपस्टिक ओढा, फडक्याने कोरडी पुसा, पुन्हा पूर्ण आत घाला आणि परत ओढा.
- टोकाला दोन खुणा असतात. ऑइल त्या दोन खुणांच्या मध्ये हवं. वरच्या खुणेच्या जवळ असलं तर उत्तम, वर नको.

दोन खुणांमधलं अंतर म्हणजे बऱ्याच गाड्यांत सुमारे एक लिटर, काही छोट्या इंजिनांत त्याहून कमी. त्यामुळे पातळी मध्यावर असेल तर एकदम लिटरभर ओतू नका. पाव लिटर घाला, थांबा, पुन्हा मोजा. जास्त झालेलं ऑइल काढणं घालण्यापेक्षा कटकटीचं असतं.

ऑइल बदलतानाही हीच रीत. पुस्तिकेतल्या आकड्यापेक्षा थोडं कमी घालायचं, कारण जुनं थोडं ऑइल आत राहिलेलंच असतं. इंजिन एक-दोन मिनिटं चालवायचं, म्हणजे नवा फिल्टर भरतो. बंद करून थांबायचं, डिपस्टिक बघायची आणि मग उरलेलं घालायचं. डब्यातलं शिल्लक ऑइल झाकण घट्ट लावून, तारीख लिहून घरी न्या. पुढे कमी पडलं तर तेच कामाला येतं.

थंड आणि गरम इंजिनात पातळी थोडी वेगळी का दिसते? ऑइल तापलं की फुगतं. दर अंशाला साधारण ०.०७ टक्के. ३ लिटर ऑइल ८० अंशांनी तापलं तर ३,००० मिली × ०.०००७ × ८० = १६८ मिली. जवळजवळ एक पेलाभर! उष्णतेने होणाऱ्या प्रसरणाचं इतकं जिवंत गणित दुसरं कुठलं?

७. तुळिंजची गाडी आणि 'कठीण परिस्थिती'

पुस्तिकेत ऑइल कधी बदलायचं ते दिलेलं असतं. बऱ्याच छोट्या गाड्यांना १०,००० किलोमीटर किंवा एक वर्ष, यांपैकी जे आधी होईल ते. पण त्याच पानावर खाली 'कठीण परिस्थितीत' वापर असेल तर लवकर बदला, बऱ्याचदा निम्म्या अंतरात, असंही लिहिलेलं असतं. कठीण परिस्थिती म्हटल्यावर आपल्याला लडाखचा घाट आठवतो. प्रत्यक्षात त्या यादीत असतं काय? थोड्या अंतराच्या फेऱ्या, सतत थांबत-चालत जाणं, इंजिन चालू ठेवून उभं राहणं, धूळ. म्हणजे संध्याकाळचा तुळिंज रोड!

नालासोपारा स्टेशनवरून तुळिंज, आचोळे किंवा संतोष भुवनकडे गाडी कशी सरकते ते आपण जाणतो. अशा वेळी किलोमीटरचा काटा हलत नाही, इंजिन मात्र चालूच असतं. ताशी सरासरी १० किलोमीटर वेगाने ५,००० किलोमीटर व्हायला इंजिन ५०० तास चालतं. हायवेवर ताशी ५० ने तेच अंतर १०० तासांत होतं. किलोमीटर सारखे, ऑइलवरचं काम पाचपट. शिवाय शाळा ते घर अशा दोन-तीन किलोमीटरच्या फेरीत इंजिन नीट तापतच नाही, मग आत जमलेली वाफ आणि थोडं न जळलेलं पेट्रोल ऑइलमध्येच राहतं. शाळेच्या व्हॅनचं नेमकं हेच होतं. व्हॅनवाल्या काकांना "ऑइल कधी बदललं?" असं पालकसभेत प्रेमाने विचारायला काहीच हरकत नाही. भर रस्त्यात मुलांसकट व्हॅन बंद पडण्यापेक्षा ते बरं.

८. पावसाळ्यात

आपल्याकडे तुंबलेलं पाणी ही दरवर्षीची गोष्ट. जुलै २०१८ मध्ये तर वसई-विरार भागात रुळांवर पाणी येऊन लोकल बंद पडल्या होत्या. अशा वेळी गाडी पाण्यात बुडाली किंवा पाण्यातून जाताना बंद पडली, तर पाणी ओसरल्यावर पहिली इच्छा होते चावी फिरवून बघायची. ती आवरा. हवेच्या वाटेने सिलिंडरमध्ये पाणी शिरलेलं असू शकतं. हवा दाबली जाते, पाणी जवळजवळ दाबलं जात नाही, हे आपण शिकवतोच. पिस्टन त्या पाण्यावर आपटला की कनेक्टिंग रॉड वाकतो. मग ते इंजिन उघडावंच लागतं.

आधी डिपस्टिक ओढून बघा. ऑइल दुधाळ, चहासारखं दिसलं किंवा पातळी वरच्या खुणेच्या वर चढलेली दिसली, तर आत पाणी गेलंय. गाडी ओढून गॅरेजमध्ये न्या. डिपस्टिक स्वच्छ दिसली तरी मेकॅनिकने तपासल्याशिवाय चालू करू नका. एरवी, छोट्या फेऱ्या मारणाऱ्या गाडीच्या ऑइल भरायच्या झाकणाखाली थोडा पांढरट थर पावसाळ्यात दिसतो. तो बहुतेक वेळा दमट हवेचा असतो. डिपस्टिकवर ऑइल स्वच्छ असेल आणि कूलंट कमी होत नसेल तर घाबरायचं कारण नाही.

९. खरेदी आणि जुनं ऑइल

डबा पेट्रोल पंपावरून, कंपनीच्या सर्व्हिस सेंटरमधून किंवा अधिकृत दुकानातून घ्या. झाकणाचं सील आणि तारीख बघा, पावती घ्या. रिकामा डबा तसाच टाकू नका. त्याला भोक पाडा, लेबल कापा, कारण चांगल्या रिकाम्या डब्यांत भेसळीचं ऑइल भरून विकलं जातं.

काढलेलं जुनं ऑइल गटारात, नाल्यात किंवा मातीत ओतायचं नाही. २०१६ च्या केंद्रीय नियमांनुसार वापरलेलं ऑइल हा घातक कचरा आहे. तुळिंजच्या नाल्यात गेलेलं ऑइल शेवटी खाडीकडेच जाणार. वसईच्या विहिरी आणि बावखलं यांचं महत्त्व आपण परिसर अभ्यासात शिकवतो, मग हेही त्यातच आलं. ऑइल बदलून देणाऱ्या सर्व्हिस सेंटरकडेच ते ठेवा आणि ते नोंदणीकृत पुनर्प्रक्रिया करणाऱ्याकडे जातं ना, एवढं विचारा. या तेलातली घाण काढून त्यापासून पुन्हा मूळ तेल बनवता येतं. १ एप्रिल २०२४ पासून ही जबाबदारी उत्पादकांवरही टाकलेली आहे.

१०. वर्गात घेण्याजोगे उपक्रम

थेंबांची शर्यत : स्टीलचं ताट तिरकं ठेवा. वरच्या कडेला पाणी, खोबरेल, मध आणि काकवी यांचा एकेक थेंब ठेवा. कोण किती सेकंदांत खाली पोचतं ते नोंदवा. मग काकवीची वाटी कोमट पाण्यात ठेवून पुन्हा शर्यत लावा. श्यानता आणि तापमान यांचा संबंध मुलं स्वतःच सांगतील.

खोबरेलाची बाटली : थंडीच्या सकाळी खोबरेल गोठतं, तिळाचं तेल गोठत नाही, हे मुलांना घरून बघून यायला सांगा. 'डब्ल्यू'च्या आधीचा आकडा का लागतो ते यावरून पटतं.

पुस्तिका वाचन : ज्यांच्या घरी किंवा नात्यात गाडी आहे त्यांनी पुस्तिकेतून चार गोष्टी वहीत उतरवायच्या : ऑइलची श्रेणी, एपीआय खूण, फिल्टरसह किती लिटर, आणि किती किलोमीटर किंवा महिन्यांनी बदलायचं. पुस्तिका हरवली असेल तर बऱ्याच कंपन्यांच्या संकेतस्थळावर ती मिळते. मॉडेल, इंजिन आणि वर्ष नीट जुळवून घ्यायचं.

त्याच चार ओळी एका कागदावर लिहून गाडीच्या कप्प्यात ठेवायला सांगा. पुढच्या वेळी गॅरेजमध्ये "कोणतं टाकू, साहेब? सगळा डबा ओतू ना?" असं विचारलं गेलं, की घरातलं मूल तो कागद पुढे करील.